इंदूआत्याची पोरं माळ्यावर

लोक गाद्यांना ऊन दाखवतात, डाळींना दाखवतात, लग्नातल्या शालूंना दाखवतात. माझी इंदूआत्या कॉम्प्युटरमधल्या गेमांना ऊन दाखवते.

दर रविवारी चहा झाला की ती कॉम्प्युटरवरचं फुलाफुलांचं कापड काढते, त्याची नीट घडी घालते, खुर्चीवर ताठ बसते आणि एकेक गेम उघडते. गाणं वाजतं. मोटार, डोंगर, बंदूकवाला, शेत, जे शेवटचं सोडलं होतं ते पडद्यावर येतं. आत्या मान डोलावते, "हां, हाय जिवंत," म्हणते आणि गेम बंद करते. मग पुढचा. स्वतः एकही खेळत नाही.

मी एकदा विचारलं, "आत्या, उघडतेसच तर दोन मिनिटं खेळत का नाहीस?"

"मी खेळले तर बंट्याची गाडी पुढं जाईल ना. पोरगा आल्यावर त्याला कळायला नको, आपण कुठं सोडली होती?"

बंट्या हा शेजारचा मुलगा. तो मुंबईला नोकरीला लागून बरीच वर्षं झाली. त्याची गाडी अजून त्या गेममध्ये एका भिंतीत नाक खुपसून उभी आहे. आत्या दर रविवारी ती भिंतीत आहे ना, एवढं बघते.

आत्या महाडच्या एका शाळेत शिपाई होती. तिथल्या कॉम्प्युटर रूमची चावी तिच्याकडे असायची. रोज कुलूप काढायचं, धूळ पुसायची, प्लास्टिकची टोपडी घालायची आणि परत कुलूप लावायचं. मुलांनी हात लावला तर कॉम्प्युटर बिघडतील म्हणून कुणालाच हात लावू देत नसत. शेवटी ते हात न लावताच बिघडले. "झाकून झाकून मेले गो ते," आत्या अजून हळहळते. "वापरलं नाय की यंत्र रुसतं."

निवृत्त झाली तेव्हा आतोबा हयात नव्हते, मूलबाळ नव्हतं. सगळ्यांना वाटलं, बाई आता मिळालेल्या पैशांच्या पाटल्या करील. आत्याने कॉम्प्युटर आणला. दुकानदाराने विचारलं, "कुणासाठी, मावशी?" ती म्हणाली, "गल्लीसाठी. जड काम झेपंल असा द्या."

मी तेव्हा तुडील गावाहून अकरावीला तिच्याकडे राहायला आले होते. माझ्या कॉलेजचे सगळे फॉर्म मी त्याच खुर्चीवर बसून भरले. आमच्या घरातली पहिली पदवी माझी, पण ती मिळवताना माझ्या मागे गेमसाठी नंबर लावून अख्खी गल्ली उभी असायची आणि आत्या त्यांना दटावायची, "थांबा रे, आमची सुजी ग्रॅज्युएट होतेय. झाली की तुमचा नंबर."

सगळे गेम बंट्याने एका लाँचरमधून उतरवले होते. लाँचर म्हणजे गेमांच्या दारात बसलेला प्रोग्राम. कुठलाही गेम उघडायचा तर आधी तो उघडतो, आपलं नाव विचारतो, जाहिराती दाखवतो आणि मगच आत सोडतो. आत्याने त्याचं नाव मुकादम ठेवलं. "काम पोरं करतात, रुबाब ह्याचा," असं ती म्हणायची.

मग तो पूर आला. सावित्रीचं पाणी गल्लीत शिरायला लागलं तेव्हा लोकांनी तांदूळ, गॅस, कागदपत्रं माळ्यावर चढवली. आत्याने आधी कॉम्प्युटर चढवला. शिडीवरून, एकटीने, छातीशी धरून. शेजारीण खालून ओरडत होती, "अगो इंदू, तांदूळ भिजतील!" आत्या वरून म्हणाली, "तांदूळ परत पिकतील. ह्यात पोरं हायत."

पाणी ओसरलं. तांदूळ गेले, कॉम्प्युटर वाचला. पण गल्ली हळूहळू रिकामी होत गेली. कुणी उंचावरच्या कॉलनीत घर घेतलं, कुणी पुण्याला, कुणी मुंबईला गेलं. मीही पुण्यात नोकरीला लागले. गेम तेवढे राहिले आणि आत्याचं रविवारचं ऊन.

यंदा भीमजयंतीच्या आदल्या आठवड्यात ऑफिसात तिचा फोन आला. घाबरी झाली की ती ओरडून बोलते.

"सुजे, मुकादम दार उघडत नाय! पोरं आत अडकलीत!"

शेजारच्या टेबलावरचे सर उठून उभे राहिले. "पोलिसांना फोन लावू का?" मी त्यांना खुणेनेच खाली बसवलं.

झालं होतं असं, की लाँचरने स्वतःला नवीन करायला घेतलं आणि मध्येच अडकला. धड उघडेना, धड बंद होईना, आणि कॉम्प्युटर नुसता गरम. "हात लावला तर सवचं गरम पाण्याचं कुंड," आत्या म्हणाली. बाजारातल्या दुरुस्तीवाल्याने सांगितलं, "काकू, सगळं उडवून देतो. गेम परत उतरवा." आत्याने डबा उचलला आणि रिक्षातून मांडीवर घेऊन घरी आणला. जयंतीला सगळी गल्ली गावी येते. पोरांनी विचारलं तर काय दाखवणार?

"उडवतो म्हणे! घर पाडलं की आतली माणसं कुठं जातात, विचार त्याला!"

तिचं बरोबर होतं. लाँचरचं घर म्हणजे एक फोल्डर, आणि सगळे गेम त्याच फोल्डरच्या आतल्या खोलीत. लाँचर काढला की खोलीसकट सगळं जातं. मी म्हटलं, "आत्या, मी येते. तोवर कशाला हात लावू नकोस."

"हात कधी लावलाय मी?" ती म्हणाली.

रविवारी सकाळी एसटीने पोहोचले. आत्याने कॉम्प्युटरवरचं कापड काढूनच ठेवलं होतं. मी म्हटलं, "पुराच्या वेळी केलंस तेच करायचं. आधी पोरं माळ्यावर, मग घर पाडायचं, नवीन बांधायचं, मग पोरं खाली."

आत्याचा चेहरा एकदम उजळला. "मग आधीच सांगायचं नाय गो!"

मी लाँचर बंद केला.

"तो गेला नाय," आत्या म्हणाली. "खाली घड्याळाशेजारी बघ. तिथं लपून बसतो."

खरंच बसला होता. तिथूनही काढला. मग बाहेर इंग्रजी अक्षरांत 'माळा' नावाचं नवं फोल्डर केलं आणि गेमांची खोली उचलून त्यात टाकली. डोळ्याची पापणी लवायच्या आत काम झालं.

आत्या संशयाने बघत राहिली. "एवढी पोरं एका दमात चढली? मला तो एक डबा चढवताना घाम फुटला होता."

"एकाच डिस्कवर आहेत ना, आत्या. हलवावं लागत नाही, फक्त पत्ता बदलतो."

"मोज."

सगळे गेम तिला नावानिशी दाखवावे लागले. अर्थात नावं पोरांची. बंट्याची गाडी, राहुलचा बंदूकवाला. "सोनीचं शेत?" तेही होतं. कोण कुठवर खेळलं याची माहिती दुसऱ्याच फोल्डरमध्ये असते; तिचीही मी माळ्यावर एक प्रत ठेवली. मग लाँचर काढून टाकायचं बटण दाबलं. आत्याने भिंतीकडे तोंड फिरवलं. "झालं की सांग."

झालं. माझ्या मोबाईलच्या नेटवर नवा लाँचर उतरवला, त्याच जागी बसवला. पासवर्ड अख्ख्या गल्लीला पाठ होता, पण मुकादमाला आता कोडही हवा होता आणि तो गेला बंट्याच्या मोबाईलवर. त्याला फोन लावला. तो कामावर होता, मागे मशीन धडधडत होतं.

"बंट्या, कोड आलाय तो सांग रे," आत्या ओरडली.

"कसला कोड? आत्ये, तो कॉम्प्युटर अजून हाय?"

"नाय तर काय भंगारात घातला?"

त्याने कोड सांगितला. फोन मात्र ठेवेना. मग हळूच विचारलं, "माझी गाडी?"

"भिंतीतच हाय, बाबा. तू लावलीस तशी."

पलीकडे मशीनच्या आवाजातूनही त्याचं हसणं ऐकू आलं.

मी लाँचर परत बंद केला, घड्याळाशेजारून हुसकला, गेमांची खोली माळ्यावरून उचलून नव्या घरात ठेवली आणि तो पुन्हा उघडला. त्याने क्षणभर विचार केला, सगळ्या फाईली चाचपल्या आणि एकेका गेमपुढे 'खेळा' असं हिरवं बटण लावलं. आत्याने उठून कॉम्प्युटरवरून हात फिरवला, मग माझ्यावरूनही, बोटं कानशिलावर मोडली आणि म्हणाली, "शिकलीस त्याचं सोनं झालं गो." पदवीच्या दिवशी ती एवढं बोलली नव्हती.

मग एकेक उघडून बघितलं. शेवटी सोनीचं शेत आलं. सोनी समोरच्या घरातली, आता मुंबईला नर्स. गहू पिवळाधमक उभा होता. माझं बोट सहज कापणीच्या बटणाकडे गेलं. आत्याने चापट मारली. "तिचं हाय. ती येऊन कापील."

जयंतीला गल्ली भरली. मिरवणूक चौकातून परतली तशी सगळी आत्याच्या घरात घुसली. बंट्याने गाडी भिंतीतून काढली आणि दोन वळणं जाऊन दुसऱ्या भिंतीत घातली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. सोनी कडेवर बाळ घेऊन आली. शेत बघितलं. मग बाळ माझ्याकडे देऊन बसली आणि सगळा गहू कापला. मागे अख्खी गल्ली, "अगो कोपऱ्यातला राहिला, कोपऱ्यातला!" म्हणून ओरडत होती. उठताना सोनी म्हणाली, "आत्ये, आता पुढचं तू पेर. शेत रिकामं नको ठेवू."

"मला कुठं येतंय?" आत्या म्हणाली, पण खुर्चीवर बसली.

त्यानंतर महिनाभर माझी संध्याकाळ शेतीत गेली. "सुजे, बी कुठल्या बटणानं पडतं?" "सुजे, ट्रॅक्टर कुंपणात अडकला, त्याला मागं कसा घेऊ?" एक दिवस फोनवर नुसतं, "उगवलं गो! उगवलं!" ऑफिसातले सर आता उठत नाहीत, पिकाची चौकशी करतात.

गेल्या रविवारी ती म्हणाली, "पिवळं झालंय. कणीस वाकलंय नुसतं."

"मग काप ना, आत्या. तुझं पहिलं पीक!"

तिच्या मागे बंट्याच्या गेमचं गाणं वाजत होतं.

"नाय. सोनी दसऱ्याला येते म्हणालीय. ती कापील."

"आणि नाही जमलं तिला यायला?"

"तर उभं राहील. ह्या शेतात नदीचं पाणी येत नाय का रानडुक्कर येत नाय," आत्या म्हणाली. "मी ऊन दाखवीत राहीन."