खुर्चीकडे न पाहण्याची पद्धत

न्याय नुसता करून भागत नाही, तो रीतसर करावा लागतो. घाईगर्दीत केलेल्या न्यायात कधी कधी निर्दोष माणूस सुटून जातो आणि मग कार्यालयाची पंचाईत होते. बटणांच्या त्या कारखान्यात अशी पंचाईत आजवर एकदाही झालेली नाही. तिथल्या शंभर टक्के चौकश्या निष्पक्ष ठरल्या आहेत आणि शंभर टक्के आरोपी दोषी. (या दोन आकड्यांचा एकमेकांशी संबंध नाही, असं कार्यालयाने कोणी न विचारताच कळवलं आहे.)

पॅकिंग खात्यातल्या काकांना हे ठाऊक होतं, म्हणून आरोपपत्र हातात पडताच ते धास्तावले. उभा जन्म बटणं डब्यांत भरण्यात गेलेला. या वयात दुसरीकडे कोण दारात उभं करणार? आरोप होता, मॅनेजरसाहेबांच्या गैरहजेरीत त्यांच्या खुर्चीवर बसून ती मोडणे. खरं काय घडलं ते साऱ्या कारखान्याला माहीत होतं. जेवणानंतर साहेबांना डुलकी लागली आणि ते पाहुण्यांदेखत खुर्चीतून धपकन खाली आले. पण साहेब आपले आपण पडले, असं कागदावर बरं दिसत नाही. त्याच सकाळी काका एका सहीसाठी केबिनमध्ये डोकावले होते. साहेब नव्हते. काका उभ्याने गेले आणि उभ्यानेच परत आले. तेवढं पुरलं.

समिती नेमली गेली. अध्यक्ष हिशेब खात्याचे प्रमुख, अगदी देवमाणूस. पहिल्याच बैठकीत त्यांनी ठरवलं की समितीतल्या कोणीही खुर्ची पाहायची नाही. पाहिलं की मत बनतं, आणि मत बनलं की निष्पक्षपणा बोंबलला. साक्षीदारही याच न्यायाने निवडले. ज्याने प्रसंग डोळ्यांनी पाहिला, तो बिचारा तटस्थ कसा राहणार? म्हणून त्या दिवशी रजेवर असलेले तिघे घेतले. बचावासाठी आपला माणूस निवडायची काकांना पूर्ण मुभा होती (फक्त तो काकांना ओळखणारा नसावा). शेवटी कॅन्टीनचा नवा मुकादम मिळाला. तो इतका निष्पक्ष निघाला की दोन्ही बाजूंना सारखीच मान डोलवायचा.

चौकशीच्या खोलीत सगळ्या खुर्च्या बिनहातांच्या. अध्यक्षांना हातांची खुर्ची हवी, नियमच आहे तसा. मग शिपायाने कुठून तरी एक ढकलत आणली. काका बघतच राहिले. उजव्या हातावर पॅकिंगची निळी चिकटपट्टी! ती मागे त्यांनीच साहेबांच्या सांगण्यावरून लावली होती; म्हणजे ही साहेबांचीच खुर्ची. आणि ती तर ठणठणीत होती.

"साहेब, ही खुर्ची म्हणजे..."

"काका, घाई नको. तुमची पाळी शेवटी," अध्यक्ष मायेने म्हणाले. "तोवर तुमच्यावर अन्याय होऊ देणार नाही आम्ही." आणि आरामात मागे रेलले.

काका मनातून हरखले. घरी आल्या आल्या बायकोला म्हणाले, "अगं, सुटलो! पुरावा त्यांच्याच बुडाखाली आहे."

"मग तिथल्या तिथे सांगायचं नाही का?"

"पाळी यायला हवी ना."

"पाळी येईपर्यंत नोकरी जाईल," ती भाजी निवडत म्हणाली.

हिला प्रक्रिया कळत नाही, अशी काकांनी स्वतःची समजूत घातली.

अखेर पाळी आली. काकांनी हात जोडून सांगितलं, "साहेब, मोडलेली म्हणतात ती खुर्ची हीच. इतके दिवस तुम्ही हिच्यावरच बसलात."

अध्यक्ष उठले. खुर्ची हलवून पाहिली, खाली वाकून चारही पाय चाचपले आणि पुन्हा बसले. मुकादमाने सवयीने दोन्हीकडे मान डोलवली.

मग अध्यक्ष हळहळत बोलू लागले. "काका, हे मी ऐकलं, तर मी साक्षीदार ठरतो. साक्षीदाराला अध्यक्ष राहता येत नाही. म्हणजे चौकशी पहिल्यापासून करावी लागेल. आणि उशिरा मिळालेला न्याय म्हणजे अन्याय. तो तुमच्यावर आम्ही कसा करू? तुमच्याच भल्यासाठी हे वाक्य आम्ही ऐकलेलं नाही."

रडावं की आभार मानावेत, हेच काकांना कळेना. सवयीने त्यांनी आभार मानले.

अहवाल सुरेख झाला. खुर्ची मोडली की नाही, हा प्रश्न समितीच्या कक्षेत नव्हता. मात्र चौकशी इतकी निष्पक्ष झाली आहे की तिचा निष्कर्ष चुकणं शक्य नाही. सबब काकांना बडतर्फ करण्यात येत आहे. अपील त्याच समितीकडे करता येईल (निष्पक्षपणासाठी सदस्य टेबलाच्या दुसऱ्या बाजूला बसतील). संध्याकाळी खुर्ची साहेबांच्या केबिनमध्ये परत गेली.

अहवाल फाटकापाशी फलकावर लागला. खाली टीप होती: कोणाची हरकत असल्यास वाचून होताच सांगावी, अन्यथा मान्य आहे असं धरलं जाईल. सुटीचा भोंगा झाला. काका जेवणाचा डबा छातीशी धरून फलकाशेजारी उभे राहिले, एकेकाच्या तोंडाकडे बघत. वर्षानुवर्षं शेजारी बसून बटणं भरलेली माणसं आली. वाचलं, "च्च, वाईट झालं हो काका," म्हणाली आणि घराकडे वळली.

आता तुमचंही वाचून झालं. खुर्ची शाबूत आहे, हे तुम्हाला त्या अध्यक्षांच्या आधीपासून ठाऊक होतं. मध्ये दोन-चारदा हसलातही. हरकत काही आलेली नाही. तशी नोंद घेतली आहे.