दिनकररावांचं चाक

"बाबा, फक्त बघायचं. हात लावायचा नाही," रोहनने जर्मनीतल्या एर्लांगेनच्या बसमध्येच बजावलं होतं. पण कुंभारांच्या बाजारात पोचल्यावर दिनकररावांना आवरणार कोण? कारखान्यात लागण्याआधी, एकोणिसाव्या वर्षापर्यंत, आपण चाकावर दिवसाला पन्नास मडकी काढत होतो, हे ते लेकाच्या घरी आल्यापासून रोज सांगत होते. वासंतीबाई तर ते लग्नापासून ऐकत आल्या होत्या. त्यांनी नवऱ्याच्या हातचं एकही मडकं मात्र कधी पाहिलं नव्हतं.

एका मांडवात काळीकुळकुळीत मडकी मांडून आंतोन्स नावाचा म्हातारा बसला होता. तो लाटव्हियाच्या पूर्वेकडचा, लाटगालेचा. दिनकररावांनी एक मडकं उचललं, बोटाच्या पेराने वाजवलं आणि कान दिला. म्हाताऱ्याने दुसरं वाजवून दाखवलं. झाली ओळख.

आंतोन्स मोडक्या जर्मनमध्ये बोलत होता आणि रोहन मराठीत सांगत होता. माती घरामागच्या ओढ्याची. भट्टी लाकडाची, शेवटी धूर कोंडायचा म्हणजे मडकी अशी काळी होतात. मुलं आयर्लंडला गेली, चाकावर आता तो एकटाच.

"आमचंपण असंच झालं म्हणावं त्यांना," दिनकरराव म्हणाले. मडक्याला आव्याचा, कुंभाराच्या भट्टीचा, वास येत होता. सेहेचाळीस वर्षांनी तो नाकात शिरला आणि त्यांचे डोळे भरून आले. म्हाताऱ्याने ते पाहिलं आणि उठून चाकामागची आपली बैठक त्यांना दिली.

"बाबा, नको."

"अरे, हात विसरत नसतात."

हात विसरले नव्हते, तीच तर पंचाईत झाली. गावाकडचं चाक काठीने फिरवायचं, घड्याळाच्या काट्यांसारखं. आंतोन्सचं पायाने फिरायचं, ते नेमकं उलटं. पहिला गोळा जागीच बसला. दुसरा सुटला तो समोरच्या आजींच्या हातातल्या ब्राटवुर्स्ट सॉसेजवर जाऊन पडला. "एन्टशुल्डिगुंग, एन्टशुल्डिगुंग," म्हणत माफी मागून रोहन त्यांच्यासाठी नवं सॉसेज आणायला पळाला. गर्दी जमली, लोकांनी फोन काढले. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. दिनकररावांनी बायकोकडे बघायचं टाळलं.

तिसऱ्यांदा कसंबसं काहीतरी उभं राहिलं. गळा बरा होता, पण खाली नुसतं जाडजूड ढेकूळ.

"चला घरी," ते हात पुसत म्हणाले.

"थांबा. उन्हात जरा सुकू दे ते," वासंतीबाई म्हणाल्या आणि बाकावर बसून राहिल्या.

दोन तासांनी त्या उठल्या. पदर खोचला, आंतोन्सकडून खुणेने एक फळकूट मागून घेतलं आणि फुलझाडांच्या वाफ्यातला गोल दगड उचलला. आतून दगड धरायचा, बाहेरून थापायचं. थप, थप, थप. ढेकूळ पातळ होत फुगत गेलं आणि बघता बघता चांगलं गोलगरगरीत मडकं झालं. आंतोन्सने डोक्यावरची टोपी काढली.

"अगं, तुला हे येतं?" दिनकरराव वाकून बघत म्हणाले.

"चाकावर गळा होतो. मडकं थापीनं होतं. माहेरी दहा वर्षं मीच थापत होते."

"मग चाळीस वर्षांत बोलली कशी नाहीस?"

"तुमचं सांगून व्हायची वाट बघत होते," वासंतीबाई म्हणाल्या आणि मडकं फिरवून दुसऱ्या बाजूने थापू लागल्या.