गजभिये काकांची धूळ

अमेरिकेच्या विमानतळावर कस्टम्सच्या माणसाला "बॅगेत फक्त कचरा आहे" असं शांतपणे सांगणारे गजभिये काका हे एकमेव गृहस्थ असावेत. आणि बॅगेत खरंच कचरा होता. गंजलेले खिळे, दोरीचे तुकडे, वापरलेल्या टी-बॅग्ज, कुणाकुणाच्या सिगारेटची थोटकं. सगळं अंटार्क्टिकाहून आणलेलं. त्या काळी तिथल्या तळांवर कचरा उघड्यावर जाळत, नाहीतर बर्फातच टाकून देत. काकांना ते बघवत नसे. जमेल तेवढा उचलून ते सिएटलजवळच्या बॉथेलला आणत आणि आपल्या टाउनहाउसच्या कचऱ्याच्या डब्यात टाकत.

"आपण तिथे गेलोच नव्हतो, असं वाटलं पाहिजे बर्फाला," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. बर्फाला काय वाटतं ते मला कधी कळलं नाही, आणि विचारायचा धीरही झाला नाही. मी मुंबईच्या कॉन्व्हेंटमधून सिएटलला शिकायला आलेली. काकांच्या लॅबमध्ये मी बाटल्या धुवायचं काम करायचे आणि शक्यतो गप्प राहायचे. काका नागपूरचे. तिथल्या उन्हातून उठून बर्फात कसे पोचलात, असं कुणी विचारलं तर म्हणत, "काऊन बाप्पा, तुम्ही बर्फाचा गोळा खाल्ला नाही का कधी?"

आमच्या लॅबमध्ये दक्षिणेहून, म्हणजे अंटार्क्टिकाहून, आणलेला जुना बर्फ वितळवून त्यात धूळ किती आहे ते मशीनवर मोजत. हजारो वर्षांपूर्वीची हवा कशी होती, ते त्यावरून कळतं. त्यात आपली आजची धूळ पडली की सगळं फुकट. म्हणून काकांचे नियम. लोकरी स्वेटर नको. केस बांधून टोपीत. आणि पावडर तर नकोच नको. हे नियम ते लॅबपुरते ठेवत नसत. मराठी मंडळाच्या दिवाळीच्या पॉटलक जेवणाला एखादी काकू जवळून गेली की ते एक पाऊल मागे सरत. "वहिनी, पावडर लावली ना?" वहिनींना हे कौतुक की टोमणा ते कळत नसे. मलाही.

एकदा मंडळाच्या पिकनिकला त्यांनी आमची शेंगांची टरफलं उचलली आणि मग शेजारच्या अमेरिकन कुटुंबाचीही. त्या बाईंना वाटलं, हे पार्कचेच कर्मचारी. त्यांनी रेस्टरूम कुठे म्हणून विचारलं. काकांनी नीट पत्ता सांगितला.

आता ब्लँकबद्दल सांगते. ब्लँक म्हणजे शुद्ध पाण्याची बाटली. ती उघडायची, थोडा वेळ हातात धरायची, बंद करायची आणि मशीनला लावायची. पाण्यात जी धूळ दिसेल ती तुमची. काकांचा ब्लँक नेहमी इतका स्वच्छ यायचा की नवीन मुलांना तो दाखवत.

त्या सप्टेंबरात मात्र तो घाण आला. पुन्हा केला, पुन्हा घाण. आमची प्रमुख मार्गारेट चक्रावली. नोव्हेंबरात तुकडी दक्षिणेला निघणार होती. बर्फाला हात लावायचं काम नेहमी काकांकडे असे. ब्लँक सुधारला नाही तर ती दुसऱ्या कुणाला तरी पाठवणार होती.

"तू घरी ब्रेड वगैरे भाजतोस का?" तिने विचारलं.

"मी पोळीसुद्धा विकत आणतो," काका म्हणाले.

त्यांनी साबण बदलला. भुवया विंचरल्या. मग माझ्याकडे वळले. "पोरी, खरं सांग. तू पावडर लावतेस?"

"नाही, काका."

"मग कोण लावतं?"

आठवडाभर लॅबमध्ये सगळे एकमेकांचे गाल निरखत होते.

काका त्या वर्षी दक्षिणेला गेले, हे आधीच सांगून टाकते. पण ते एका सोमवारामुळे. ब्लँकची शेवटची संधी त्या दिवशी होती, आणि काकांची गाडी नेमकी गॅरेजमध्ये. मी नुकतीच ड्राइव्ह करायला शिकले होते, म्हणून त्यांना घ्यायला बॉथेलला गेले. काकांनी दार उघडलं. आंघोळ झालेली, शर्ट इस्त्रीचा, आणि उजव्या भुवईवर पांढरं काहीतरी.

"बस दोन मिनिटं. मिलिंदचा टर्न राहिलाय."

मिलिंद म्हणजे त्यांचा मुलगा. तो दूर, दुसऱ्या राज्यात, फ्रीमाँटला नोकरी करत होता. काकू मी यायच्या आधीच वारलेल्या. मी घरात इकडेतिकडे पाहिलं. कुणी नव्हतं. हॉलच्या मधोमध कॅरमबोर्ड होता आणि बाजूला बेबी पावडरचा मोठा डबा. काका उठले, वळसा घालून समोरच्या खुर्चीत बसले, आणि त्यांनी डाव्या हाताने स्ट्रायकर मारला. सोंगटी सरळ पॉकेटमध्ये गेली.

"तो डावखुरा आहे," ते म्हणाले. "मला शिकायला फार वेळ लागला. आता या ऑगस्टपासून रोज आंघोळ झाली की एक गेम. पण तो घाई करतो, लहानपणापासून."

त्यांनी बोर्डावर पुन्हा पावडर भुरभुरली. खिडकीतल्या उन्हात ती छान वर उडाली आणि सावकाश त्यांच्या केसांवर, कफांवर बसली.

"काका," मी म्हटलं. "पावडर."

त्यांनी डब्याकडे पाहिलं. मग आपल्या तळव्यांकडे. मला वाटलं हसतील. ते उठून फोनपाशी गेले आणि नंबर फिरवला.

"मिलिंद? हो, बाबा... नाही रे, काही नाही झालं. बरा आहे... नाही, ते आपलं... काहीतरी सांगायचं होतं, विसरलो बघ. जा तू, ऑफिसला जा."

फोन ठेवून ते बोर्डापाशी परत आले. "गेम अर्धा राहिला म्हणून सांगणार होतो," ते म्हणाले. "पण त्याला कुठे माहितेय, तो खेळतोय ते."

काहीतरी विचारायचं म्हणून मी विचारलं, "कोण जिंकत होतं?"

"तोच," काका म्हणाले. त्यांनी ओल्या फडक्याने बोर्ड स्वच्छ पुसला आणि दुसऱ्यांदा आंघोळीला गेले.