शोभा की सोय

नाना आगाश्यांनी पहिल्याच भेटीत माझ्या मिशीकडे बोट दाखवून विचारलं, "ही शोभा की सोय?"

साठ सालच्या आसपासची गोष्ट. मी जर्मनीत लुडविग्सहाफेनला राहून डॉक्टरेट करत होतो आणि नाना शेजारच्या खोलीत राहायचे. साबणाच्या एका लहान कारखान्यात ते बाटल्यांचे आकार काढत. हा प्रश्न ते कशालाही विचारत. घरमालकीणबाईंच्या हॅटवरच्या पिसाबद्दलही त्यांनी तो विचारला, तेव्हापासून बाईंनी आम्हा दोघांचीही रविवारची कॉफी बंद केली. त्यात माझा काय गुन्हा होता, ते मला अजून कळलेलं नाही.

नानांनी काढलेली भांड्यांच्या साबणाची बाटली मात्र फार खपली. तिच्या पोटाला एका बाजूला खळगा होता. दुसऱ्या एका कंपनीनं तशीच बाटली काढली आणि नानांचा मालक कोर्टात गेला. खळगा ही आमची ओळख आहे, म्हणाला.

वकिलानं नानांना समोर बसवून समजावलं. खळगा नुसता दिसण्यापुरता असेल तर तो आपला ट्रेडमार्क. त्याचा काही उपयोग असेल तर तसा आकार कुणीही काढावा, असं कायदा म्हणतो. "तर मग, हेर आगाशे, शोभा म्हणायचं. कळलं?" जिंकलो तर मालक नानांना कारखान्याचं घर देणार होता, म्हणजे मिरजेहून वहिनींना आणता आलं असतं. सहा वर्षं नाना त्या घराची वाट पाहत होते.

आठवडाभर मी त्यांच्याकडून उत्तर घोकून घेतलं. कोर्टाच्या दिवशी टायही मीच बांधला. टाय शोभा की सोय, हे त्यांनी विचारलं नाही, तेव्हा मी गाठ सोडून पुन्हा बांधली.

न्यायाधीशांनी बाटली हातात घेतली. चष्म्यावरून नानांकडे पाहत त्यांनी विचारलं, "हा खळगा शोभेसाठी, की सोयीसाठी?"

ज्या प्रश्नानं नानांनी आम्हा सगळ्यांना छळलं होतं, तोच आता त्यांच्यासमोर उभा होता. वकिलानं घसा खाकरला. मी मनातल्या मनात शोभा, नाना, शोभा, असं म्हणत होतो. नानांनी खिशातून एक घडीचा कागद काढला आणि टेबलावर पसरला. त्यावर पेन्सिलीनं एक हात रेखलेला होता, बोटं आत वळलेली.

"सोय," नाना म्हणाले. "माझ्या बायकोचा हात भाजला होता. बोटं उघडत नाहीत. तेलाची बाटली निसटून फुटली की ती घाबरून माझ्या तोंडाकडे बघायची. तिचा अंगठा बसावा म्हणून हा खळगा."

खटला तिथेच संपला. घर गेलं, आणि नोकरीही जाणार हे मालकाच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

ट्राममध्ये मी चिडून म्हणालो, "अहो नाना, एका शब्दाचा तर प्रश्न होता. आता वहिनी येणार कशा?"

"मीच जातो," नाना म्हणाले. "सहा वर्षं कागद जपला रे. हात तिकडेच राहिला."

त्यांनी कागद गुडघ्यावर पसरला, त्या वळलेल्या बोटांवर आपला तळवा ठेवला आणि आमचा स्टॉप येईपर्यंत तसेच बसून राहिले. त्यांचाच प्रश्न माझ्या ओठांवर आला होता. मी तो विचारला नाही.