जगनशेठला शत्रू पाहिजे

साखरपुड्याचा हॉल एसी होता, आणि एसीही असा की नवरीच्या आत्यांनी शाली मागवल्या होत्या. तरी नवऱ्या मुलाचे वडील शिवाशेठ यांनी तासाभरात चार वेळा घाम पुसला. रुमालाने नव्हे, सदऱ्याच्या टोकाने. टोक वर गेलं की कमरेचं काळं पिस्तूल दिसे आणि खाली आलं की झाकलं जाई. परवान्यात तशी अटच होती, की हत्यार झाकून बाळगावं. शिवाशेठ अट पाळत होते. मधूनमधून तोंड पुसायला कायद्याची ना नव्हती.

नवरी दिपिकाचे वडील, सुकापूरचे जगनशेठ, हे सगळं समोरच्या खुर्चीवरून बघत होते. वडिलांच्या भातशेतीवर आता सात मजली इमारती उभ्या होत्या, दारात पांढरी गाडी होती, गळ्यात करंगळीएवढी जाड चेन होती. कंबर मात्र रिकामी होती, आणि हे त्यांना आज पहिल्यांदाच जाणवलं.

"दिपिकाचे हलदीच्या आत मना परवाना पायजे," घरी पोचताच त्यांनी जाहीर केलं.

"हलदीला हलद लागते," बायको हौसा म्हणाली. "पिस्तूल कनाला?"

"व्याही कमरेला पिस्तूल लावून येल, आन् मी काय सदरा वर करून करगोटा दाखवू?"

हौसा हळदीची यादी करायला आत गेली.

अर्ज भरायचं काम मुलाकडे, निकेशकडे आलं. तो खारघरला नोकरीला होता आणि घरातले सगळे ऑनलाइन व्यवहार त्याच्या कपाळी होते.

"पप्पा, कारण काय टाकू?"

"टाक, हौस."

"हौस हा ऑप्शनच नाहीये. पीक संरक्षण आहे, खेळ आहे, स्वसंरक्षण आहे."

पीक म्हटल्यावर दोघांनी खिडकीबाहेर पाहिलं. सात मजल्यांच्या पिकाला रानडुकरांचा उपद्रव होईल असं वाटत नव्हतं. निकेशने स्वसंरक्षण टाकलं.

मग दाखले सुरू झाले. शरीर धडधाकट असल्याचा दाखला आला. मन ठिकाणावर असल्याचाही आला. तो हौसाने दोनदा वाचला आणि डॉक्टरचं नाव विचारून ठेवलं. सगळ्याच्या तीन तीन झेरॉक्स निघाल्या. जगनशेठनी पनवेलच्या बाजारातून पिस्तुलाचं चामड्याचं कव्हरही आणून ठेवलं. घोडा मिळायच्या आधी लगाम आणणारी माणसं असतात, त्यांतले ते.

पंधरा दिवसांनी पोलीस ठाण्यातून हवालदार प्रभाकर चौकशीला आले. माणूस सरळ, अक्षर त्याहून सरळ. त्यांनी वही उघडली.

"तुमच्या जिवाला कोणापासून धोका आहे?"

"डॉक्टर बोलतात, साखरेपासून."

"माणसांपैकी सांगा."

जगनशेठ बोटांवर नावं मोजायला बसले.

"जमिनीचा काही वाद?"

"मिटला."

"भाऊबंदकी?"

"भाऊ समोरच रातो. रोज कालवन धाडतो."

"निवडणुकीला उभे होतात म्हणे?"

"उभा व्हतो. पडलो."

"मग विरोधकांशी काही?"

"त्याचे मिरवणुकीत मीच सगल्यात जास्त नाचलो, साहेब."

प्रभाकरांनी लिहून घेतलं आणि ते गावात चौकशीला निघाले. जगनशेठही मागोमाग गेले. नाक्यावरचा पानवाला म्हणाला, "जगनशेठला कोन मारल? त्यांची गाडी म्हंजे गावची ॲम्ब्युलन्स हाय." समोरच्या इमारतीतले, पुण्याहून राहायला आलेले अविनाशराव म्हणाले, "अहो, सोसायटीला पाणी नव्हतं तेव्हा यांनी स्वतःची बोअर सोडली. अशी माणसं राहिली नाहीत हो हल्ली." एका म्हातारीने तर प्रभाकरांच्या हातात नारळ ठेवला आणि जगनशेठच्या तोंडावरून हात फिरवून बोटं मोडली. स्वतःची स्तुती ऐकून माणूस इतका खचलेला प्रभाकरांनी नोकरीत पाहिला नव्हता.

"शेठ, धोका काही दिसत नाही," ते मोटरसायकलला किक मारताना म्हणाले. "कुणाची धमकी वगैरे आली असेल तर सांगा. आठ दिवसांनी मला अहवाल पाठवायचाय."

"आली नाय अजून," जगनशेठ घाईने म्हणाले, "पन येल."

हे वहीत लिहावं की नाही याचा प्रभाकरांनी क्षणभर विचार केला आणि मग वही बंद केली.

अशा अडचणीच्या वेळी माणूस जिवाभावाच्या मित्राकडे जातो. जगनशेठच्या शेजारी बाळू राहायचा. दोघं एकाच पाटीवर शिकले, एकाच वर्षी नापास झाले. पन्नास वर्षं बाळूचा सकाळचा चहा जगनशेठच्या ओटीवर होत आला होता. बाळूची बायको सोनाबाई गावची धवलारीण. लग्नाचे धवले तिने गायल्याशिवाय सुकापुरात कोणालाही हळद लागली नव्हती. दिपिकाला तिनेच अंगाखांद्यावर खेळवलेलं.

"बाल्या, मना धमकी पायजे."

"कसली?"

"जिवाची. लेखी."

बाळूने चष्मा लावला. "कवापरत पायजे?"

याला म्हणतात दोस्ती. जगनशेठनी सोबत आणलेल्या निकेशच्या जुन्या वहीचा कागद फाडून बाळूने लिहिलं, 'जग्या, तुला बघून घेईन. तुझा बाळू.'

"तुझा कनाला लिवलास?"

"मग कोनाचा लिवू?"

'तुझा' खोडलं. पण जगनशेठचं समाधान होईना. "कारन पायजे रं. कारन नाय तर पोलीस इस्वास ठेवनार नाय. काय तरी जुनं भांडन काढ."

दोघं आठवू लागले. क्रिकेटच्या फायनलला बाळूने अंपायर म्हणून जगनशेठना रनआऊट दिलं होतं, पण ते खरंच आऊट होते. बांधावरून भांडावं तर बांध राहिले नव्हते. अर्धा तास गेला तरी एक वैर सापडेना. तेवढ्यात जगनशेठनी मांडीवर थाप मारली.

"जिताडा लिव!"

"कुठला जिताडा?"

"तुझे तलावातला. पाच किलोचा. पुराचे साली गेला तो."

बाळूचा चेहरा हळवा झाला. घरच्या तळ्यात पोसलेला जिताडा मासा आमच्याकडे जावयापेक्षा जास्त जपतात. त्यातून तो पाच किलोचा.

"तो पुरात गेला. तुझ्यावर राग कनाला धरू?"

"पुरात नव्हता गेला," जगनशेठ कामाच्या भरात म्हणाले. "मीच नेला. पानी भरलेलं, म्हनलं असाही जानारच हाय. चार दिस तू जेवत नव्हतास, म्हनून तुला घरी जेवाया बोलावला, तवा तोच व्हता ना कालवनात. लिव पटकन!"

बाळूचं पेन थांबलं.

"मी दोन वेला रस्सा घेतला व्हता," तो हळूच म्हणाला.

"तीन वेला."

बाळूने चष्मा काढला, घडी केला, खिशात ठेवला. मग कागदाचे चार तुकडे केले.

"जग्या, आजपासून तू माझा दुश्मन."

"हां!" जगनशेठचे डोळे चमकले. "हेच! अस्संच लिव!"

"लिवनार नाय. दुश्मनाची कामं मी करत नाय," असं म्हणून बाळू उठला आणि आपल्याच घरातून बाहेर निघून गेला.

जगनशेठना वाईट वाटलं, पण दुसऱ्या मनाने हिशेब मांडला की शत्रू तर मिळाला, तोही अस्सल. त्यांनी प्रभाकरांना फोन लावला. "साहेब, दुश्मन भेटला. पत्ता लिवून घ्या."

दुसऱ्या दिवशी प्रभाकर बाळूच्या ओटीवर बसले. जगनशेठ कुंपणापलीकडे जास्वंदीला पाणी घालत होते. जास्वंदीला इतकं पाणी त्याआधी कधी मिळालं नव्हतं.

"जगनशेठ म्हणतात, तुमचं त्यांच्याशी वैर आहे."

बाळूने कुंपणाकडे पाहिलं. पन्नास वर्षांत तो जगनशेठबद्दल एक चांगला शब्द बोलला नव्हता. मित्राबद्दल कोण बोलतं? आज त्याने आवाज चढवला.

"वैर? जगनसारका देवमानूस पंचक्रोशीत नाय, साहेब! सोताचे घरचा घास काढून दुसऱ्याला वाढील. मी त्याचेच घरी जेवलेला हाय, तीन तीन वेला रस्सा घेऊन! त्याला दुश्मन असूच शकत नाय. लिवा. मोठ्या अक्षरात लिवा. सई कुठं करू?"

कुंपणापलीकडे पाण्याचा पाइप खाली पडला.

महिन्याभराने, हळदीला चार दिवस उरले असताना, पत्र आलं. 'सखोल चौकशीअंती अर्जदारास कोणीही शत्रू असल्याचे आढळून आले नाही. अर्जदार परिसरात सर्वांना प्रिय असून त्यांच्या जिवास कोणापासूनही धोका नाही. सबब अर्ज नामंजूर.' खाली सही आणि गोल शिक्का होता.

पत्र कोणाच्या हाती लागू नये म्हणून जगनशेठनी ते पिस्तुलाच्या रिकाम्या कव्हरात कोंबलं. पिस्तूल गेल्याचं दुःख होतंच. पण महिनाभर सकाळच्या चहाला बाळू आला नव्हता, ओटीवर दोन कप ठेवायची सवय असलेली हौसा एक कप परत नेत होती, आणि हे त्यांना पिस्तुलापेक्षा जास्त लागलं होतं. चहा गोड लागेना. साखरेला बंदी होती हे खरं, पण तसा नव्हे. शिवाय सोनाबाई आली नाही तर पोरीची हळद लागायची कशी?

शेवटी हौसाच सोनाबाईकडे गेली.

"भांडन दोगा बाप्यांचं," सोनाबाई म्हणाली. "पोरगी माझी पन हाय. मी येन. ह्यांचं मना काय माईत नाय."

हळदीच्या दिवशी संध्याकाळी जगनशेठनी ते कव्हर कमरेला लावलं. अंगात सैल सदरा होता. हत्यार दिसता कामा नये ही सरकारची अट. मग नसलेलं हत्यार झाकलं तर ते नियमात बसत होतंच. नुसतं कव्हर चपटं दिसायचं, म्हणून पत्रासोबत अर्जाच्या सगळ्या झेरॉक्स आत भरल्या. फुगवटा झकास आला.

मांडवात सोनाबाईने धवला धरला होता. बाळूही आला होता, पण दूर, बेंजोवाल्यांच्या पलीकडे, खुर्ची फिरवून बसला होता. नवऱ्याकडची उष्टी हळद एरवी बायका घेऊन येतात. या वेळी त्यांच्यासोबत शिवाशेठ स्वतः आले. आल्या आल्या त्यांनी सदऱ्याच्या टोकाने तोंड पुसलं. मांडवाने बघितलं. मग त्यांची नजर जगनशेठच्या कमरेवर गेली.

"वा, व्याही! तुमीपन घेतलात? दाखवा की, कुठल्या मेकचं हाय?"

"झाकून ठेवायचं आसतं ना," जगनशेठ पुटपुटले.

"आपसात कसली झाकपाक? दाखवा!"

बेंजो थांबला. धवलाही थांबला. पोरंटोरं जवळ सरकली. जगनशेठनी मांडवभर नजर फिरवली, ती बाळूवर येऊन थांबली. बेंजो थांबताच वळून बसलेल्या बाळूने, गंमत नीट दिसावी म्हणून, खुर्ची पुढे ओढली.

जगनशेठना त्या क्षणी खरोखर जिवाला धोका वाटला. अर्ज करताना वाटला असता तर काम झालं असतं. सगळ्यांसमोर, पोरीच्या हळदीत, व्याह्यापुढे अब्रू जाणार होती. त्यांनी कव्हराचं बटण उघडलं आणि हाताला लागला तो आतला कागद काढला. शिवाशेठनी परवाना समजून तो हातात घेतला आणि खणखणीत आवाजात वाचायला सुरुवात केली.

"सखोल चौकशीअंती अर्जदारास कोनीही शत्रू... आढलून आले नाही. सर्वांना प्रिय..." आवाज उतरत गेला. "कोनापासूनही धोका नाही..."

जगनशेठ लोकांच्या हसण्याची वाट बघत खाली मान घालून उभे राहिले. कोणी हसलं नाही. शिवाशेठनी कागद पुन्हा एकदा, या वेळी मनातल्या मनात वाचला.

"हे सरकार लिवून देतं?" त्यांनी विचारलं.

"शिक्का हाय खाली," मागून आवाज आला. बाळू उभा होता. "आन् उगाच नाय देत. पोलीस घरोघर फिरून इचारतात. माझा जबाब हाय त्याच्यात." मग जगनशेठकडे वळून म्हणाला, "जिताडा मी इसरलो नाय हां, जग्या."

"उद्यापासून तलाव साफ कराया घेऊ," जगनशेठ म्हणाले आणि बाळूकडे जाताना त्यांचा हात हळदीच्या ताटात पडला. हळदीने माखलेल्या हाताने डोळे पुसायचे नसतात, हे त्यांना पुसल्यावर कळलं.

"बाप्यांचं झालं आसंल तर हलद लावू का?" सोनाबाईने विचारलं आणि धवला सुटला तिथून पुढे उचलला.

निघताना शिवाशेठनी जगनशेठना बाजूला घेतलं. "व्याही, असा कागद आपल्याला पन पायजे. फ्रेम करून हॉलमधी लावू. अर्ज कुठं करायचा?"

निकेशनेच त्यांचा अर्ज भरून दिला, दुसऱ्या हत्याराचा. तो नामंजूर होणार याची शिवाशेठना खात्री होती. चौकशी सुरू झाली, तेव्हा प्रभाकरांसारख्याच एका सरळ माणसाला वही कमी पडली. अकरा जणांनी वैर असल्याचे जबाब दिले, त्यांत पहिला सख्ख्या भावाचा होता, आणि सातव्याने तर काटा कधी काढणार त्याची तारीखसुद्धा सांगितली. एरवी महिनोन् महिने अडकणारा कागद पंधरा दिवसांत घरपोच आला. 'अर्जदाराच्या जिवास असलेला धोका निःसंशय सिद्ध होत असल्याने दुसरे हत्यार तातडीने मंजूर.'

कमरेला दोन हत्यारं असूनही हल्ली शिवाशेठ तोंड रुमालाने पुसतात.