वसंताची रिट

ईशान, रेवा, परवा फोनवर तुम्ही विचारलंत, "वसंतआजोबा कोर्टात हरले, म्हणजे नक्की काय झालं?" त्यांनी तुम्हाला फोन करून अख्खी राज्यघटना समजावण्याआधी मीच लिहून कळवते.

माझा हा भाऊ कशावरही रिट, म्हणजे सरकारविरुद्ध थेट हायकोर्टात अर्ज, टाकायला निघतो. शेजारचा कोंबडा अवेळी आरवला, रिट. बस थांब्यावर थांबली नाही, रिट. माझ्या उप्पिटात मीठ कमी पडलं तेव्हाही बोट वर करून म्हणाला, "अक्का, कलम दोनशे सव्वीस! हायकोर्टात रिट!" त्याच्या प्लॅस्टिकच्या पिशवीत रक्तदाबाच्या गोळ्या आणि घटनेची प्रत असते. गोळ्या विसरतो, प्रत कधीच नाही.

रायापूरचं शेत वाटणीत वसंताला आणि धाकट्या शेखरला अर्धं अर्धं आलं. तीन वर्षांपूर्वी शेखरनं मध्ये तारेचं कुंपण घातलं, ते वसंताच्या हद्दीत चांगलं दहा फूट, विहिरीसकट. चूक शेखरचीच. मी दोघांचीही बहीण आहे, तरी सांगते.

ओळखीच्या वकिलांनी समजावलं, "अण्णा, रिट सरकारच्या चुकीसाठी असते. भावाभावांचा हद्दीचा तंटा दिवाणी कोर्टात. साक्षी, मोजणी, सगळं तिथे. हायकोर्ट त्यात पडत नाही."

"हद्दीचा दगड कुणी रोवला? सरकारनं! मग जबाबदार कोण?"

"दगड जागेवरच आहे हो! कुंपण सरकलंय."

"नोडु, बघ अक्का," वसंता माझ्याकडे वळला, "ह्यांना घटनाच कळत नाही."

वकिलांनी हात जोडले. मग अर्ज माझ्या जेवणाच्या टेबलावर तयार झाला, कारण इंग्रजी माझं. 'अत्याचार' हा शब्द त्यानं नऊ ठिकाणी घातला होता. मी दोन ठेवले. तिसऱ्यासाठी तो चार दिवस माझ्याशी बोलला नाही.

हायकोर्टात स्वतःच उभा राहिला. न्यायाधीशांनी कन्नडमध्ये विचारलं, "कुंपण कुणी घातलं?"

"मोजणी खात्यानं दुर्लक्ष केलं, स्वामी."

"ते नव्हे. घातलं कुणी?"

वसंता पिशवीतून घटनेची प्रत काढू लागला.

"ज्यानं घातलं त्याचं अर्जात नावच नाही?"

वसंता प्रतीची पानं चाळत राहिला. खासगी वाद आहे, दिवाणी कोर्टात जा, असं सांगून न्यायाधीशांनी अर्ज फेटाळला.

बाहेर आल्यावर मी भडकले. "एवढी वर्षं घालवलीस! आधीच दिवाणी दावा लावायला काय झालं होतं?"

तो पिशवीचे बंद सोडत-बांधत राहिला. "त्यात पहिल्याच पानावर शेखरचं नाव लिहावं लागतं, अक्का. माझ्याविरुद्ध म्हणून. नावापुढे वडील म्हणून अप्पांचं नाव. वर माझ्या नावापुढेही तेच." मग म्हणाला, "सरकारला काही वाटत नाही."

त्याच आठवड्यात शीगी पौर्णिमा आली. त्या दिवशी इकडे कानडी मुलखात जेवण शेतात नेतात आणि आधी थोडं अन्न भूमीला म्हणून शेतभर उधळतात. त्याला चरगा म्हणतात. वसंतानं आपल्या बाजूला उधळला आणि मग तारेवरून पलीकडेही मुठी फेकल्या. शेखर पलीकडे उभा होता.

"विहिरीकडं पडला नाही," तो म्हणाला.

"तुझ्या कुंपणामुळं हात पोचत नाही, हुच्चा, वेड्या!"

शेखरनं पायानं खालची तार दाबली, हातानं वरची उचलली. वसंता वाकून आत गेला.

कुंपण अजून तिथेच आहे. दिवाणी दावा वसंतानं लावलेला नाही, लावणारही नाही. चरगा मात्र यंदा सगळ्या शेतावर पडला, विहिरीकडेही.