यादीत नसलेला गुडघा

मंगळवारी दुपारी तीन वाजून दहा मिनिटांनी, शाळेच्या व्हॉलीबॉलच्या मैदानावर, मुलींच्या संघाच्या कॅप्टनचा उजवा गुडघा दुखावला. घटना गंभीर होती. अंतिम सामना पुढच्या गुरुवारी होता आणि कॅप्टन होऊन तिला जेमतेम चार दिवस झाले होते. त्याआधी तीन वर्षं ती राखीव खेळाडू होती, म्हणजे बाटल्या भरायची आणि टाळ्या वाजवायची. आता कुठे दिवस पालटले होते.

दुखापत कशी झाली याबद्दल दोन मतं आहेत. कॅप्टनच्या मते मैदान खडबडीत होतं. मैदानावरच्या बाकी अकरा जणींच्या मते, उडी मारून चेंडू कसा हाणायचा हे नव्या मुलींना दाखवताना ती हवेतल्या हवेत कोण कोण बघतंय ते मोजत होती, आणि मोजणी पूर्ण व्हायच्या आत जमीन आली. पाऊल एकीकडे रोवलं गेलं, उरलेली कॅप्टन दुसरीकडे वळली आणि मधल्यामध्ये गुडघा सापडला. आतून 'कट्ट' असं काहीतरी वाजलं.

गपचूप दोन दिवस बसली असती तर प्रकरण तिथेच मिटलं असतं. पण अंगात नुकताच आत्मविश्वास आला होता आणि तो कुठे ठेवावा हे तिला अजून कळलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी सकाळी प्रार्थना संपल्यावर तिने माइक हातात घेतला आणि सगळ्या शाळेला सांगितलं, "दुखापत झाली असली तरी मी मैदान सोडणार नाही."

टाळ्या पडल्या. मुख्याध्यापकांनीही वाजवल्या, आणि वाजवता वाजवता क्रीडाशिक्षकांकडे वळून विचारलं, "नोंद झालीय ना?"

नियम साधा होता. नोंद न झालेली दुखापत घेऊन कोणी खेळायचं नाही, आणि नोंद झालेली दुखापत बरी झाल्याचं प्रमाणपत्र आल्याशिवायही खेळायचं नाही. कॅप्टन लंगडत कार्यालयात गेली. हेडक्लार्क मॅडमनी कपाटातून 'क्रीडा-दुखापत नोंद पत्रक' काढून दिलं. त्यावर तीन चौकटी होत्या. डावा गुडघा. उजवा कोपर. चष्मा.

"मॅडम, उजवा गुडघा कुठेय?"

"तुझ्याकडेच असेल."

"यादीत म्हणतेय मी."

"यादी पाच वर्षांपूर्वीची आहे," मॅडम म्हणाल्या. "तेव्हाचे मुख्याध्यापक जिन्यावरून पडले. त्यांचं जे जे दुखावलं, ते ते समितीने यादीत घेतलं. अनुभवावर बनवलीय, उगाच नाही."

"मग खाली 'इतर' असं लिहू?"

"इतरची चौकट होती पहिल्या वर्षी. एकाने त्यात 'मन' लिहिलं. तेव्हापासून काढून टाकली."

"आता काय करू?"

"डाव्यावर खूण कर. शेजारीच तर आहे. नाहीतर चष्म्यावर कर."

"मला चष्मा नाहीये."

"मग डावाच बरा तुला. आणि इथे, इथे आणि मागे सही."

कॅप्टनने पाच सेकंद विचार केला. कॅप्टन माणसाने कसं व्यवहारी असावं, असं तिला वाटलं. तिने झोकदार अक्षरात तीन सह्या केल्या. सही नवीन होती, गेल्याच आठवड्यात बसवलेली, त्यामुळे करायला मजाही आली.

घरी बाबांनी विचारलं, "काय कॅप्टनसाहेब, कुठला पाय?"

"कागदावर डावा."

"आणि दुखतोय कुठला?" आई म्हणाली.

"उजवा. पण ते अनधिकृत आहे."

संध्याकाळी तिने मोबाइलवर गुडघ्याचा सखोल अभ्यास केला आणि दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत, कोणी न विचारता, फळ्यावर आकृती काढून वर्गाला समजावून सांगितला. वर मांडीचं हाड, खाली नडगीचं. दोघं एकमेकांवर घासू नयेत म्हणून मध्ये मेनिस्कस नावाच्या दोन गाद्या, चंद्रकोरीच्या आकाराच्या. वरून येणारा प्रत्येक धक्का त्यांनी सोसायचा आणि ब्र काढायचा नाही. हाडं पुढेमागे सरकू नयेत म्हणून मधोमध एकमेकांना ओलांडून जाणारे दोन चिवट दोर, दोन्ही बाजूंना आणखी एकेक. पुढे वाटी, ती दिसते म्हणून लोक तिलाच गुडघा समजतात. गाद्यांच्या बाहेरच्या कडेला रक्त पोहोचतं, आतल्या कडेला जवळजवळ नाहीच. म्हणून बाहेरची चीर विश्रांती मिळाली तर कधीकधी आपली आपण भरून येते, आतली तशीच राहते.

"म्हणजे तुला आता विश्रांती हवी," पहिल्या बाकावरची म्हणाली.

"ते सर्वसामान्य लोकांसाठी," कॅप्टन म्हणाली आणि फळा पुसायला एका पायावर उड्या मारत गेली.

प्रमाणपत्रासाठी शाळेने ठरवलेल्या डॉक्टरांकडे जावं लागे. डॉक्टरांनी पत्रक वाचलं, डावा गुडघा वाकवला, सरळ केला, आत वळवला, बाहेर वळवला.

"सुरेख गुडघा आहे."

"उजवा पण बघता का, डॉक्टर?"

"पत्रकात नाही. बघितला तर काहीतरी सापडेल, आणि सापडलं तर मी ते लिहू कुठे?"

"बरं, मग डावा बरा झाला असं लिहून द्या. गुरुवारी मॅच आहे."

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. "बरा झाला असं लिहायला आधी त्याला काहीतरी झालेलं असावं लागतं, बेटा. ह्याला काहीच झालेलं नाही. निरोगी गुडघा मी बरा कसा करू?"

कॅप्टनचे डोळे भरून आले. तीन वर्षं बाटल्या भरून मिळालेलं कॅप्टनपद एका धडधाकट गुडघ्यापायी जाणार होतं. डॉक्टरांना दया आली.

"रडू नकोस. एमआरआय काढू. शोधलं की काहीतरी निघतंच."

निघालं. अहवालात लिहिलं होतं, की डाव्या गुडघ्यात आतल्या मेनिस्कसच्या मागच्या शिंगात पहिल्या दर्जाचा किंचित बदल दिसतो. डॉक्टर म्हणाले, असा बदल रस्त्यावरून चालणाऱ्या कुणाच्याही गुडघ्यात सापडेल, काळजीचं कारण नाही. कॅप्टनने यातलं 'शिंग' आणि 'पहिल्या दर्जाचा' एवढंच ऐकलं. आयुष्यात प्रथमच तिला कशात तरी पहिला दर्जा मिळाला होता. अहवालाचा फोटो तिने एकवीस जणींना पाठवला.

डाव्या गुडघ्याला जाड निळा पट्टा बसला. पाच दिवस त्याच्यावर भार द्यायचा नाही, असं लेखी आलं. वर्ग तिसऱ्या मजल्यावर होता. साहजिकच रोज ती सगळे जिने उजव्या पायाने चढली.

"अगं, दुखऱ्या पायावरच सगळा भार टाकतेस तू," आई म्हणाली.

"डाव्याला विश्रांती सांगितलीय."

"पण त्याला झालंय काय?"

"त्याचा रिपोर्ट आहे, आई."

"आणि उजव्याचा?"

"त्याचं काही नाही."

तेवढं सांगायला एक वाक्य पुरलं असतं: चुकून डाव्यावर खूण केली, दुखतोय उजवा. वाक्य तिच्या जिभेवर तीनदा आलं. पण पट्टा रुबाबदार होता. त्याच्यामुळे मुली दार धरून उभ्या राहायच्या, दप्तर उचलायच्या, आणि गणिताच्या बाईंनी तिला फळ्यापाशी बोलावणं बंद केलं होतं. उजव्यावर हे सगळं परत नव्याने कमवावं लागलं असतं. तिने वाक्य गिळलं. बुधवारपर्यंत उजवा गुडघा इतका सुजला, की वाटी कुठे संपते आणि कॅप्टन कुठे सुरू होते ते कळेना. त्याच दुपारी डावा गुडघा पूर्ण बरा झाल्याचं प्रमाणपत्र शिक्क्यासह मिळालं.

गुरुवारी सामन्याआधी क्रीडाशिक्षकांनी फाइल उघडली. "डावा वाकवून दाखव."

तिने वाकवून दाखवला.

"शाब्बास. जा."

पहिला सेट जिंकला, दुसरा हरला. तिसऱ्यात अकरा-बारा झाले. चेंडू वर आला आणि कॅप्टनने उडी मारली. खरं सांगायचं तर ह्या वेळी तिने फक्त चेंडूकडे बघितलं. चेंडू छान बसला, बारा-बारा झाले. ती उजव्या पायावर उतरली, आणि गुडघा वाकला तो वाकलेलाच राहिला. फाटलेल्या गादीचा तुकडा सांध्यात अडकला होता, दाराखाली पायपुसणं अडकावं तसा. दार उघडेना, मिटेना. काय झालंय हे तिला नेमकं ठाऊक होतं. आकृती तिनेच काढली होती.

खेळ थांबला. सर धावत आले.

"काय झालं?"

"गुडघा अडकला, सर."

"डावा?"

"उजवा."

सरांनी फाइल चाळली. एकदा पुढून, एकदा मागून. "उजव्याची नोंद नाही गं. दुखापतीची नोंद नसेल तर मला बदली खेळाडू देता येत नाही. तू असं कर, उभी राहा फक्त."

ती उभी राहिली. एका पायावर, ज्याच्याकडे प्रमाणपत्र होतं त्या. पुढचे तीनही चेंडू तिच्यापासून हातभर अंतरावर पडले. प्रतिस्पर्धी मुलींना तिच्या संघापेक्षा तिच्या पायांची रचना लवकर समजली होती. पंधरा-बारा. नंतर राखीव मुलींनी बाटल्या गोळा केल्या आणि तिला दोन बाजूंनी धरून नेलं. माइक मात्र कोणी दिला नाही.

मोठ्या दवाखान्यातल्या सर्जनबाईंनी मात्र उजवाच गुडघा बघितला, कारण तो सरळच होत नव्हता. "आत टाके घालावे लागणार. पहिल्या दिवशी पट्टा बांधून स्वस्थ बसली असतीस, तर कदाचित ही वेळ आली नसती. इतके दिवस काय करत होतीस?"

"उपचार घेत होते," कॅप्टन म्हणाली.

शस्त्रक्रियेच्या सकाळी एक नर्स संमतीपत्र घेऊन आली. चार पानं, बारीक अक्षरं. जुनी सगळी कागदपत्रं शाळेकडून आली होती आणि फाइल त्यांच्यावरूनच तयार झाली होती.

"वाच की आधी," आई म्हणाली.

"आई, सगळे फॉर्म सारखेच असतात." तिने झोकात सही केली. वाचायला सांगून आपलं काम झालं, अशा समाधानाने आईनेही न वाचता केली.

मग नर्सने निळं पेन काढलं. ज्या पायावर शस्त्रक्रिया, त्याच्यावर आधी बाण काढायची तिथे पद्धत होती.

"कुठला पाय?" नर्सने विचारलं.

"उज–"

"नको, तू नको सांगूस. पेशंट घाबरून काहीही सांगतात. मी कागद बघते."

तिने कागद बघितला, पेनाचं टोपण काढलं आणि चादर वर केली. कॅप्टन म्हणाली, "बरं," आणि डोळे मिटून घेतले.

आता तुम्ही म्हणाल, एवढी बडबडी मुलगी, ऐन वेळी तोंड का उघडत नाही. विचारा ना तिला, हरकत नाही. फक्त तुम्ही परवा जिथे सही केलीत, त्या कागदाच्या दुसऱ्या पानावर काय होतं, तेवढं सांगून मग विचारा.